हार्लेमच्या मागची बेटं

मा. संपादक यांस,
सप्रेम नमस्कार.

न्यूयॉर्कमधली हार्लेम ही कृष्णवर्णीयांची वस्ती, हिप-हॉप, ब्लॅक पँथर हे विषय मराठी वृत्तपत्रांच्या रविवार पुरवण्यांत आता वरचेवर येतात. त्याचा आनंदच आहे. पण या लेखांत एक गोष्ट जवळजवळ नेहमी सुटते. न्यूयॉर्कमधला प्रत्येक कृष्णवर्णीय कवी, वक्ता किंवा वादक अमेरिकेच्या दक्षिणेतल्या कापसाच्या मळ्यांतून उत्तरेला आलेल्या घरातला असणार, असं गृहीत धरून लिहिलं जातं. प्रत्यक्षात १९३० च्या सुमारास हार्लेमच्या कृष्णवर्णीय वस्तीतला साधारण चौथा माणूस जमैका, बार्बाडोस, सेंट क्रॉय, त्रिनिदाद अशा कॅरिबियन बेटांवरून आलेला होता. त्या शहराच्या कलेत आणि विचारात या चौथ्या माणसाचा वाटा त्याच्या संख्येपेक्षा खूप मोठा आहे. तो कसा पडला हे सांगितलं नाही, तर हार्लेमचं नवजागरण, म्हणजे १९२० च्या दशकातला तिथला कला-साहित्याचा बहर, आपोआप उगवल्यासारखं वाटतं.

ही माणसं आली कशी, ते आधी पाहू. १९०४ ते १९१४ या काळात पनामा कालवा खणायला बार्बाडोस आणि जमैकातून हजारो मजूर गेले. तिथून घरी पाठवलेल्या पैशांतून धाकट्या भावंडांची न्यूयॉर्कची तिकिटं निघाली. केळी वाहणाऱ्या कंपनीच्या बोटी उतारूही नेत. येणाऱ्यांत शिंपी, सुतार, छपाई कामगार, विडीसारखे सिगार वळणारे कारागीर असे बरेच होते आणि बहुतेकांना लिहिता-वाचता येत होतं. ज्या बेटांवर शाळामास्तर, पोलीस शिपाई, टपाल कारकून हे सगळे आपल्याच रंगाचे असतात, तिथून आलेल्या माणसाला न्यूयॉर्कमधला वर्णभेद नवा होता. तो त्याला मुकाट्यानं गिळता आला नाही.

पुढे तीन कायद्यांनी या स्थलांतराला वळण दिलं. १९२४ च्या कायद्यानं दार जवळजवळ लावलं. १९५२ च्या कायद्यानं प्रत्येक वसाहतीला वर्षाला अवघे १०० प्रवेश ठेवले. १९६५ च्या कायद्यानं दार पुन्हा उघडलं. म्हणून न्यूयॉर्कवरच्या कॅरिबियन प्रभावाचे दोन मोठे हंगाम आहेत. पहिला १९२४ च्या आधी आलेल्यांचा, भाषणाचा, छापील शब्दाचा आणि पुस्तकांचा. दुसरा १९६५ नंतरचा, आवाजाचा. लेख लिहिताना हे सन समोर ठेवले, तरी निम्मे घोटाळे टळतील.

पहिल्या हंगामातलं सर्वांत मोठं आणि मराठीत सर्वांत कमी घेतलं गेलेलं नाव म्हणजे ह्यूबर्ट हॅरिसन. त्यांचा जन्म १८८३ मध्ये सेंट क्रॉयवर झाला, तेव्हा ते बेट डेन्मार्कच्या ताब्यात होतं. १९०० मध्ये ते न्यूयॉर्कला आले, लिफ्ट चालवण्यासारखी पडेल ती कामं केली आणि मग टपाल खात्यात लागले. १९१० मध्ये त्यांनी ‘न्यूयॉर्क सन’ या वृत्तपत्राच्या संपादकांना दोन पत्रं लिहिली. कृष्णवर्णीयांचे त्या काळचे सर्वांत वजनदार नेते बुकर टी. वॉशिंग्टन यांच्या सबुरीच्या धोरणावर त्यांत टीका होती. पुढच्या वर्षी वॉशिंग्टन यांच्या माणसांनी सूत्रं हलवली आणि हॅरिसन यांची नोकरी गेली. संपादकांना पत्र लिहिण्याची एवढी किंमत मोजलेला हा माणूस मग रस्त्यावर उतरला.

हार्लेममधलं रस्त्यावरचं भाषण ही एक घडवलेली कला होती. सामान म्हणजे घरात रंगकामाला वापरतात तशी दुघडी शिडी. जागा लेनॉक्स अ‍ॅव्हेन्यूचा कोपरा, १३५ व्या रस्त्याजवळचा, कारण तिथे भुयारी रेल्वेतून लोक वर येतात आणि कामावरून सुटलेल्या माणसाला घरी जाण्याची फार घाई नसते. वक्त्याला सभागृहातल्यासारखा बसलेला श्रोता मिळत नाही. पहिल्या दोन वाक्यांत चालणारा थांबला नाही तर तो गेलाच. म्हणून सुरुवात ओळखीच्या गोष्टीनं करायची, घरभाडं किंवा कालची बातमी, आणि तिथून हळूहळू उत्क्रांती, धर्म, वसाहती, अर्थशास्त्र अशा वाटेनं वर चढायचं. मध्येच प्रश्न विचारणाऱ्याला झिडकारायचं नाही, कारण त्याच्यामुळेच गर्दी वाढते. शेवटी पुस्तिका विकायच्या, त्यातून पुढच्या आठवड्याचा खर्च निघतो. हॅरिसन कॉलेजात गेले नव्हते, पण त्यांना ऐकून अनेकांचं कॉलेज झालं. त्यांना ‘हार्लेमच्या जहालवादाचे जनक’ म्हटलं गेलं. १९१७ मध्ये त्यांनी लिबर्टी लीग स्थापन केली, ‘द व्हॉइस’ हे वृत्तपत्र काढलं आणि त्या वर्षीच्या जूनमधल्या सभेत जमैकाहून नुकत्याच आलेल्या एका तरुणाला बोलायला उभं केलं. तो तरुण म्हणजे पुढे कृष्णवर्णीयांची मोठी जनसंघटना उभारणारे मार्कस गार्वी.

गार्वींबद्दल मराठीत थोडंफार लिहिलं गेलं आहे, म्हणून फक्त त्यांच्या जहाज कंपनीबद्दल सांगतो, कारण तिची गोष्ट नेहमी अर्धीच सांगतात. १९१९ मध्ये ब्लॅक स्टार लाइन निघाली. कंपनीचा भाग (शेअर) पाच डॉलरचा, म्हणजे मोलकरणीला आणि हमालालाही घेता येईल असा. भाग धडाधड खपले. पहिलं जहाज ‘यार्मथ’ १,६५,००० डॉलरला घेतलं, आणि ते तीस वर्षांहून जुनं होतं. महायुद्धामुळे जहाजांच्या किमती चढलेल्या असताना खरेदी झाली आणि लगेच मालवाहतुकीचे दर कोसळले. जुनी बॉयलरं कोळसा खात होती, दुरुस्तीचा खर्च भाड्याच्या उत्पन्नापेक्षा जास्त होता आणि जहाजं पारखून घेऊ शकेल असा माणूस कंपनीत नव्हता. १९२२ मध्ये धंदा बंद पडला. टपालातून फसवणूक केल्याच्या खटल्यात १९२३ मध्ये गार्वी दोषी ठरले ते एका भागधारकाला गेलेल्या पाकिटाच्या जोरावर, आणि ते पाकीट कोर्टात आलं तेव्हा रिकामं होतं. जहाजं बुडीत गेली, पण त्यांचं ‘निग्रो वर्ल्ड’ हे साप्ताहिक स्पॅनिश आणि फ्रेंच पानांसह बेटाबेटांवर आणि आफ्रिकेच्या बंदरांत पोचत राहिलं. त्यात कविता असत, ग्रंथपरीक्षणं असत. हॅरिसन त्याचे काही काळ संपादक होते. गयाना, बार्बाडोस आणि पनामा अशा तीन ठिकाणी वाढलेले कथाकार एरिक वॉलरंडही या साप्ताहिकात काम करूनच पुढे गेले.

सगळं गुण्यागोविंदानं चाललं होतं असं समजण्याचं कारण नाही. दक्षिणेतून आलेले अमेरिकन आणि बेटांवरून आलेले यांच्यात तणाव होता. उच्चारावरून चेष्टा होई, नोकऱ्यांवरून खटके उडत. गार्वींविरोधात मोहीम चालवताना ‘द मेसेंजर’ या समाजवादी मासिकात बेटांवरच्या लोकांबद्दलच उणंदुणं छापून येऊ लागलं, तेव्हा गार्वींचे टीकाकार असलेल्या जमैकन डब्ल्यू. ए. डोमिंगो यांनीच त्याचा निषेध केला आणि १९२३ मध्ये ते मासिकातून बाहेर पडले. या भांडणांमुळेच तिथला वाद धारदार झाला, असं माझं मत आहे.

क्लॉड मकाय यांचंही उदाहरण घ्या. जमैकाच्या डोंगराळ भागातला हा शेतकऱ्याचा मुलगा काही काळ पोलीस शिपाई होता. १९१२ मध्ये त्यांचे दोन कवितासंग्रह बेटावरच्या बोलीत निघाले. त्याच वर्षी ते अमेरिकेला गेले. १९१९ च्या उन्हाळ्यात अमेरिकेच्या अनेक शहरांत कृष्णवर्णीयांवर हल्ले झाले, तेव्हा त्यांनी मरायचंच असेल तर लढत मरू, असं सांगणारी कविता लिहिली. ती त्यांनी चौदा ओळींच्या काटेकोर इंग्रजी सुनीतात बांधली. हा बांध त्यांना वसाहतीच्या शिक्षणातून मिळाला होता. संताप आणि शिस्त एकत्र आल्यामुळे ती कविता देशभरातल्या कृष्णवर्णीय वृत्तपत्रांनी पुन्हा पुन्हा छापली. चौदा ओळी एका रकान्यात बसतात आणि पाठही होतात, हेही एक साधं कारण आहे.

पैसा कुठून येत होता, हे विचारल्याशिवाय कलेचा इतिहास पुरा होत नाही. हार्लेमच्या लेखकांना पुढे आणणाऱ्या ‘ऑपॉर्च्युनिटी’ मासिकाच्या १९२६ च्या साहित्यस्पर्धेची बक्षिसं कॅस्पर होल्स्टाइन यांच्या खिशातून आली. होल्स्टाइन सेंट क्रॉयचे, आणि हार्लेममधल्या ‘नंबर्स’ या आकड्यांच्या जुगाराचे बडे धनी. तीन अंकी आकडा लावायचा. लागण्याची शक्यता हजारात एक आणि देणं सहाशे पट, म्हणजे उरलेला पैसा धन्याचा. आकडा शहरातल्या बँकांच्या क्लिअरिंग हाउसच्या रोजच्या बेरजांवरून काढत. त्या बेरजा वृत्तपत्रात छापून येत, त्यामुळे हातचलाखीचा संशय उरत नसे. मुंबईचा मटकाही सुरुवातीला न्यूयॉर्कच्याच कापूसबाजारातल्या उघडत्या आणि बंद भावांवर चालायचा, आणि कारण तेच होतं. होल्स्टाइन यांच्या धंद्याचं कौतुक करण्याचा हेतू नाही. पण त्या वर्षी तरुण कवींच्या हातात पडलेल्या बक्षिसाचा उगम दडवूही नये.

दुसरा पैसा घरोघरच्या बायकांचा होता. बेटांवर त्याला ‘सूसू’ म्हणतात, आपण भिशी म्हणतो. समजा वीस जणींनी आठवड्याला पाच डॉलर काढले, तर दर आठवड्याला एकीच्या हाती शंभर डॉलर पडतात. पहिल्या खेपेला पैसे उचलणारी पुढे हप्ते चुकवते, हा यातला ठरलेला धोका. म्हणून नव्या बाईला शेवटचा हात द्यायचा आणि पैसे सांभाळायला सर्वांत जुन्या, सर्वांना ठाऊक असलेल्या बाईला ठेवायचं. बँका कृष्णवर्णीयांना कर्ज देत नसताना न्यूयॉर्कच्याच ब्रुकलिन भागातल्या तपकिरी दगडी घरांची पहिली रक्कम कितीतरी कुटुंबांनी अशी उभी केली. त्या घरांच्या स्वयंपाकघरांत बार्बाडोसच्या बायका दिवसभराची मोलमजुरी संपवून बोलत बसायच्या. ते ऐकत वाढलेल्या पॉल मार्शल १९५९ मध्ये पहिली कादंबरी घेऊन आल्या तेव्हा त्या बोलण्याची लय अमेरिकन साहित्यात दाखल झाली.

आता ज्यांच्यासाठी हे पत्र लिहायलाच हवं होतं ते आर्तुरो शॉमबर्ग. जन्म १८७४, पोर्तो रिको. आई सेंट क्रॉयची. १८९१ मध्ये न्यूयॉर्कला आले आणि १९०६ पासून सुमारे तेवीस वर्षं एका बँकेच्या टपाल विभागात नोकरी केली. पगारातून ते पुस्तकं घेत. जगभरच्या जुन्या पुस्तकांच्या विक्रेत्यांशी त्यांचा पत्रव्यवहार होता. परदेशी जाणाऱ्या ओळखीच्या माणसाच्या हातात ते याद्या देत. विक्रेत्यांना ज्याचं मोल नव्हतं ते ते वेचत: कृष्णवर्णीय लेखकाची चार पानांची पुस्तिका, चर्चमधलं छापील प्रवचन, जुनं पंचांग, हैतीच्या क्रांतीचे कागद. आपल्या लोकांना इतिहास नाही, या म्हणण्याला त्यांचं उत्तर कपाटात होतं.

१९२६ मध्ये न्यूयॉर्क सार्वजनिक ग्रंथालयानं कार्नेगी निधीच्या १०,००० डॉलरमधून हा संग्रह विकत घेतला. पाच हजारांवर पुस्तकं, तीन हजार हस्तलिखितं, दोन हजार चित्रं आणि पोर्ट्रेट, शिवाय हजारो पुस्तिका. संग्रह कुठे गेला, ही गोष्ट आकड्यांहून महत्त्वाची आहे. तो एखाद्या श्रीमंत विद्यापीठाच्या कुलुपात न जाता १३५ व्या रस्त्यावरच्या शाखेत गेला, हॅरिसन यांच्या शिडीपासून हाकेच्या अंतरावर. शाळकरी मूल, बेकार माणूस, पहिली कादंबरी लिहिणारी मुलगी असं कोणीही आत येऊन मागवू शकत होतं. १९३२ ते १९३८ या काळात, म्हणजे मृत्यूपर्यंत, शॉमबर्ग स्वतःच तिथे संग्रहपाल होते. आज तिथे त्यांच्या नावानं मोठं संशोधन केंद्र आहे. न्यूयॉर्कच्या कृष्णवर्णीय इतिहासावरचं कोणतंही गंभीर पुस्तक घ्या, त्याची वाट या कपाटांवरून जातेच.

दोन हंगामांच्या मधला काळ थोडक्यात सांगतो. क्यूबाहून आलेले माचितो आणि मारिओ बाउसा यांनी १९४० च्या दशकात जॅझच्या पितळी वाद्यांखाली क्यूबाचा ताल घातला. त्या तालाचा कणा म्हणजे दोन मात्राखंडांत वाजणारे पाच टोले: एका खंडात तीन, दुसऱ्यात दोन. त्यांना क्लावे म्हणतात. गाण्याची ओळ ‘तीन’च्या बाजूनं बसवली असताना वादक ‘दोन’पासून निघाला, तर एकही सूर न चुकता सगळं अडखळतं, आणि नाचणाऱ्यांचे पाय ते वादकाच्या आधी ओळखतात. याच पायावर पुढे न्यूयॉर्कमध्ये साल्सा हा नृत्यसंगीताचा प्रकार उभा राहिला.

दुसऱ्या हंगामाची, म्हणजे हिप-हॉपच्या जन्माची मानली जाणारी, तारीख ठरलेली आहे: ११ ऑगस्ट १९७३, न्यूयॉर्कचा ब्रॉन्क्स भाग, १५२० सेजविक अ‍ॅव्हेन्यू. इमारतीच्या सामायिक खोलीत सिंडी कॅम्पबेल या मुलीनं शाळा सुरू होण्याआधीची पार्टी ठेवली. प्रवेश मुलींना २५ सेंट, मुलांना ५०. रेकॉर्ड लावायला तिचा अठरा वर्षांचा भाऊ क्लाइव्ह, म्हणजे डीजे कूल हर्क. तो जमैकातल्या किंग्स्टनमध्ये जन्मला आणि बाराव्या वर्षी, १९६७ मध्ये, ब्रॉन्क्सला आला.

त्यानं जमैकातून काय आणलं, हे नेमकं सांगायला हवं, कारण लेखांत इथेच गल्लत होते. रॅपचे शब्द जमैकातून आले असं सरसकट लिहिलं जातं, पण खुद्द हर्कनं ते नाकारलं आहे. ब्रॉन्क्सच्या पोरांना जमैकाचा रेगे नको होता आणि आपली प्रेरणा अमेरिकन गायक जेम्स ब्राउन होता, असं त्यानं सांगितलंय. किंग्स्टनहून आली ती ध्वनीची कल्पना: अंगणात उभी केलेली स्पीकरची माणसाएवढी खोकी आणि छातीत जाणवणारा खालचा स्वर. ५० हर्ट्झच्या स्वराची तरंगलांबी जवळजवळ सात मीटर असते. एवढी हवा हलवायची तर मोठा पडदा आणि मोठी पेटी लागतेच. खोकं लहान असलं तर नुसता आवाज वाढवून काही होत नाही, स्वर फाटतो. हर्कनं वडिलांच्या ध्वनिसंचात टर्नटेबलची, म्हणजे रेकॉर्ड फिरवणाऱ्या यंत्राची, जोडणी वेगळ्या पद्धतीनं केली आणि बाकीच्यांपेक्षा मोठा, तरीही स्वच्छ आवाज काढला. रेकॉर्डवरची लेबलं पाण्यात भिजवून काढायची, म्हणजे प्रतिस्पर्ध्याला गाणं कळत नाही, ही रीतही किंग्स्टनची.

आणि त्यानं पाहिलं की गाण्यात गायक थांबून फक्त ढोल उरतात त्या काही सेकंदांसाठी नाचणारे वाट बघत असतात. म्हणून त्यानं एकाच रेकॉर्डच्या दोन प्रती दोन टर्नटेबलांवर ठेवल्या. एकीवरचा तुकडा संपेपर्यंत दुसरीची सुई त्याच तुकड्याच्या आरंभी आणायची आणि असं आलटून पालटून चालवत राहायचं. यातला दोष असा की सुई नजरेच्या अंदाजानं टेकवली की ठोका निसटतो.

तो दोष दूर केला बार्बाडोसमध्ये जन्मलेल्या आणि ब्रॉन्क्समध्ये वाढलेल्या जोसेफ सॅडलरनं, म्हणजे ग्रँडमास्टर फ्लॅशनं. त्याची पद्धत पायरीपायरीनं अशी. तुकडा जिथे सुरू होतो तिथे रेकॉर्डवर क्रेयॉननं रेघ मारायची. सुई उचलायचीच नाही. रेकॉर्ड बोटानं उलटी फिरवायची आणि रेघ किती वेळा समोरून गेली ते मोजायचं. ३३⅓ च्या वेगाला एक फेरा १.८ सेकंदांचा. मिनिटाला ११० ठोक्यांच्या चालीत सोळा ठोक्यांचा तुकडा सुमारे ८.७ सेकंद चालतो, म्हणजे पाचाला थोडे कमी फेरे मागे. अडचण अशी की टर्नटेबलवर रबराची चकती असते, ती रेकॉर्ड धरून ठेवते. बोट लावलं की मोटरवर ताण येतो आणि सोडल्यावर वेग पकडायला वेळ जातो. त्यानं रबर काढून फेल्टच्या कापडाची चकती कापली. नुसतं फेल्ट लोळतं, म्हणून त्याला कपड्यांची खळ देऊन इस्त्रीनं ताठ केलं. आता खालची थाळी फिरत राहते आणि वरची रेकॉर्ड हाताखाली थांबते. शेवटचा भाग म्हणजे मिक्सरला जोडलेला एक साधा खटका, ज्यामुळे दुसऱ्या टर्नटेबलचा आवाज लोकांना कळण्याआधी हेडफोनमध्ये ऐकू येतो. आज टर्नटेबलवर रेकॉर्ड वाजवणारे डीजे अशी चकती, म्हणजे स्लिपमॅट, आणि असा खटका, म्हणजे क्यू बटण, वापरतात. हिप-हॉपमध्ये ही रीत रुजवण्यात त्या खळ दिलेल्या कापडाचा मोठा वाटा आहे.

ब्रुकलिनच्या कार्निव्हलबद्दलही असंच उथळ लिहिलं जातं: पिसं, नाच, गर्दी. त्रिनिदादचा कार्निव्हल फेब्रुवारी-मार्चमध्ये येतो, तेव्हा न्यूयॉर्क गारठलेलं असतं. म्हणून सुरुवातीला हार्लेमच्या नृत्यगृहांत बंद दाराआड उत्सव व्हायचा. १९४७ मध्ये लेनॉक्स अ‍ॅव्हेन्यूवर मिरवणुकीची परवानगी मिळाली आणि सण सप्टेंबरच्या पहिल्या सोमवारच्या कामगारदिनाच्या सुटीला जोडला गेला. १९६० च्या दशकात दंग्याचं कारण देऊन परवानगी गेली आणि त्या दशकाच्या अखेरीस मिरवणूक ब्रुकलिनला वसली.

तिचा खरा प्राण स्टीलपॅन. ५५ गॅलनचं, म्हणजे सुमारे २०८ लिटरचं तेलाचं पिंप उलटं करून त्याचा तळ हातोड्यानं सावकाश खोल करत नेतात. मेलडीच्या पॅनला साधारण आठ इंच खोली लागते. घाई केली की पत्रा एका जागी पातळ होऊन चिरतो आणि पूर्ण पिंप वाया जातं. मग स्वरांच्या जागा आखून त्यांच्या कडेनं ठोकून खाच पाडतात, म्हणजे एका स्वराची थरथर शेजारच्यात जाणार नाही. बाजूचा पत्रा कापतात आणि पिंप आगीवर तापवतात. जास्त तापलं तर पत्रा मऊ पडतो आणि सूर टिकत नाही. त्यानंतर सूर लावणं, जे वर्षानुवर्षांच्या कानानंच जमतं: प्रत्येक जागेत मूळ स्वर, त्याचं वरचं सप्तक आणि त्यावरचा पंचम असे तिन्ही मिळायला हवेत. मेलडीच्या पॅनवर २८-२९ स्वर मावतात. खर्जाच्या स्वराला जागा जास्त लागत असल्यानं एका पिंपात तीनच बसतात, म्हणून खर्जाच्या वादकाभोवती सहा पिंपं उभी असतात.

ब्रुकलिनमध्ये या वाद्याला दोन शत्रू भेटले. एक, ट्रकवरच्या भिंतीएवढ्या स्पीकरांचा आवाज; त्यापुढे शंभर पॅनही ऐकू येत नाहीत. म्हणून १९९० च्या दशकात पॅनवाल्यांनी पहाटेची जूव्हे मिरवणूक वेगळी संघटित केली आणि तिथे ध्वनिवर्धकाला मज्जाव केला. दुसरा शत्रू जागेचा भाव. तालमीला रिकामा भूखंड लागतो, तालीम रात्री चालते आणि आजूबाजूला नव्या इमारती झाल्या की तक्रारी सुरू होतात.

न्यूयॉर्कच्याच क्वीन्समधल्या रिचमंड हिल भागात गयाना आणि त्रिनिदादहून आलेली भारतीय वंशाची मोठी वस्ती आहे. त्यांचे पूर्वज १८३८ पासून गिरमिटिया, म्हणजे करारबद्ध मजूर, म्हणून, बहुतांश बिहार आणि उत्तर प्रदेशातून गेले. त्यांच्या लग्नांत आणि फगवाच्या, म्हणजे होळीच्या, मिरवणुकीत वाजतो तो तासा म्हणजे आपल्या ढोल-ताशातल्या ताशाचाच भाऊ. भांडं मातीचं, वर बकऱ्याचं कातडं, वाजवण्याआधी जाळावर धरून ताणायचं. जिथे जाळ करता येत नाही तिथे नट-बोल्टनं ताणायचं कृत्रिम कातडं आलं. सोबत मोठा ढोल आणि झांजा. पुण्याच्या पथकांनी हा वाद्यमेळ एकदा ऐकावा. तुकडा फिरवणारा आणि ठेका धरून ठेवणारा अशी दोन ताशांमधली कामाची वाटणी त्यांना लगेच ओळखता येईल.

या सगळ्याचा महाराष्ट्राशी थेट धागा आहे. १९७२ च्या मे महिन्यात मुंबईत दलित पँथर उभी राहिली ती अमेरिकेतल्या ब्लॅक पँथरचं नाव घेऊन. त्या चळवळीमागची ‘ब्लॅक पॉवर’ ही घोषणा १९६६ मध्ये मिसिसिपीत देशभर पोचवणारे स्टोकली कारमायकल त्रिनिदादच्या पोर्ट ऑफ स्पेनमध्ये जन्मले आणि अकराव्या वर्षी न्यूयॉर्कला आले. शाळकरी वयात ते हार्लेममध्ये शिडीवरच्या वक्त्यांची भाषणं ऐकत. माल्कम एक्स यांची आई ग्रेनाडाची आणि दोन्ही पालक गार्वींच्या संघटनेचे कार्यकर्ते. म्हणजे हॅरिसन यांच्या शिडीपासून निघालेली वाट आपल्या वरळी आणि नायगावपर्यंत येते. मराठी लेखांत मात्र ती मिसिसिपीतच सुरू होते.

म्हणून आपल्याला दोन विनंत्या. पहिली संपादकीय. न्यूयॉर्कच्या कृष्णवर्णीय कलावंतावर किंवा विचारवंतावर लेख आला की त्याचं किंवा त्याच्या आईवडिलांचं मूळ बेट लेखात आहे का आणि ते १९२४ च्या आधी आले की १९६५ नंतर, एवढं तपासून घ्यावं. ‘वेस्ट इंडीज’ असं मोघम लिहू नये. डॅनिश सेंट क्रॉय, ब्रिटिश जमैका आणि स्पॅनिश पोर्तो रिको यांच्या शाळा, भाषा आणि कायदे वेगळे होते.

दुसरी विनंती शॉमबर्ग यांच्या कामाला धरून आहे. पँथरची पत्रकं, आंबेडकरी जलशांच्या वह्या, लघुअनियतकालिकं अजून अनेक घरांत पेट्यांत आणि माळ्यावर आहेत. ज्यांच्याकडे ती आहेत त्यांनी आधी प्रत्येक पानाचा फोटो काढावा. टाचण्या आणि स्टेपल काढून टाकाव्यात, पावसाळ्यात गंजून त्या कागद खातात. फाटलेल्या जागी चिकटपट्टी लावू नये. तिचा गोंद काही वर्षांत पिवळा पडून शाईपर्यंत उतरतो. लॅमिनेशन तर मुळीच करू नये, ते पुन्हा काढता येत नाही. मागच्या बाजूला मऊ पेन्सिलीनं साल, गाव, छापखाना आणि किंमत लिहावी, पेनानं नव्हे. कागद घडी न घालता सपाट ठेवावेत आणि वर्तमानपत्रात गुंडाळू नयेत, कारण त्याचं आम्ल आतल्या कागदात उतरतं. आपल्या पुरवणीनं महिन्यातून एकदा अर्धा रकाना अशा कागदांच्या यादीला दिला, कोणाकडे कोणत्या सालचं काय आहे एवढंच छापलं, आणि हे कागद शेवटी एखाद्या वस्तीतल्या खुल्या ग्रंथालयात जावेत यासाठी ग्रंथालयांनाही त्याच रकान्यातून बोलावलं, तर यादी पाठवणारे वाचक नक्की पुढे येतील.

आपला,
एक वाचक, पुणे